संरक्षणगृहात आहात? आधी विचारा, कुणाच्या आदेशाने

गुन्ह्याची शिकार झालेली बाई पोलिसांच्या गाडीतून संस्थेच्या दारात उतरते. मागे दार बंद होतं, मोबाइल काढून घेतला जातो आणि एका रजिस्टरवर सही घेतली जाते. इथे किती दिवस, घरी कळवलंय का, बाहेर पडता येईल का, हे तिला बऱ्याचदा कुणी नीट सांगत नाही. गुन्हा तिच्याविरुद्ध झालेला असतो, तरी कैद झाल्यासारखं तिलाच वाटू लागतं. कायदा मात्र तिला कैदी मानत नाही. तिला जे जे हक्क आहेत त्यांची सुरुवात एका साध्या प्रश्नापासून होते: मी इथे कुणाच्या आदेशाने आहे?

हा लेख त्या बाईसाठी आहे. पण संस्थेत असताना हातात फोन नसण्याची शक्यता मोठी, म्हणून तिची आई, बहीण, नवरा, मैत्रीण किंवा वस्तीतली कार्यकर्ती, जी कुणी तिच्यासाठी धावपळ करते आहे तिच्यासाठीही आहे. कायद्याची कलमं मुद्दाम दिली आहेत. अर्जात कलम लिहिलं की समोरच्याला उत्तर द्यावं लागतं.

पहिली पायरी : तुम्ही कोणत्या दाराने आत आलात ते ओळखा

बाहेरून सगळ्या संस्था सारख्याच दिसतात. कायद्याच्या नजरेतून मात्र तुम्ही आत कशा आलात यावर बाहेर कशा जाल ते ठरतं.

घरातल्या मारहाणीला, छळाला कंटाळून तुम्ही स्वतःहून किंवा संरक्षण अधिकाऱ्यामार्फत आला असाल, तर तुम्ही कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण कायदा, २००५ खाली आश्रय घेतला आहे. कलम ६ प्रमाणे तुम्ही विनंती केली की अधिसूचित आश्रयगृहाच्या प्रमुखाने आसरा दिलाच पाहिजे. पत्ता सासरच्यांना कळू नये असं लेखी सांगितलंत, तर तो गुप्त ठेवणं संस्थेवर बंधनकारक आहे. इथे तुम्ही स्वेच्छेने राहता. निघायचं ठरवलं तर तुम्हाला कुणी अडवू शकत नाही. सखी वन स्टॉप सेंटर आणि शक्ती सदन या स्त्रियांसाठीच्या सरकारी योजनांतल्या आसऱ्याच्या जागा, तिथेही हेच. सखी केंद्रात मुक्काम साधारण पाच दिवसांपुरता असतो, त्यानंतरची सोय कुठे होणार हे पहिल्याच दिवशी विचारा. मुलं सोबत असतील तर मुलाच्या वयाची मर्यादाही तेव्हाच विचारून घ्या, नाहीतर ऐनवेळी आई एका संस्थेत आणि मुलगा दुसऱ्या अशी वेळ येते.

वेश्याव्यवसायाच्या ठिकाणी पडलेल्या छाप्यात सोडवून आणलं असेल तर अनैतिक व्यापार प्रतिबंध कायदा, १९५६ लागू होतो. पोलीस आणि वकील त्याला ‘पिटा’ म्हणतात. इथे मुक्काम दंडाधिकाऱ्यांच्या आदेशावर असतो. सगळ्यात जास्त गोंधळ आणि अन्याय याच प्रकरणांत होतो, म्हणून याबद्दल पुढे सविस्तर लिहिलं आहे.

वय अठराच्या आत असेल तर निर्णय बाल कल्याण समितीचा. बाल न्याय कायदा, २०१५ प्रमाणे मुलाला किंवा मुलीला प्रवासाचा वेळ वगळून २४ तासांत समितीपुढे हजर करावं लागतं. गुन्हा पॉक्सोचा, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धच्या कायद्याखालचा असेल तर पोलिसांनीही २४ तासांत समितीला कळवायचं असतं.

वयाबाबत वाद असेल तर तो लगेच मांडा. एकोणीस वर्षांची मुलगी अल्पवयीन म्हणून बालगृहात आणि सतरा वर्षांची मुलगी मोठ्या बायकांच्या संस्थेत, या दोन्ही चुकांचे परिणाम गंभीर असतात. शाळा सोडल्याचा दाखला किंवा जन्मदाखला शोधून देणं हे घरच्यांचं पहिलं काम.

दुसरी पायरी : आदेशाची प्रत मागा

अधीक्षिकेकडे, आणि नाहीच मिळाली तर न्यायालयाच्या कार्यालयात, लेखी अर्ज करून आदेशाची प्रत मागा. आदेशात चार गोष्टी वाचा: कोणत्या कायद्याखाली, कोणत्या कलमाखाली, किती मुदतीसाठी आणि पुढची तारीख कोणती. वाचता येत नसेल तर वाचून दाखवायला सांगा, भाषा कळत नसेल तर दुभाषी मागा. बंगाली, नेपाळी, तेलुगू बोलणारी मुलगी मराठीतल्या कागदावर अंगठा उमटवते तेव्हा त्याला तिची संमती म्हणता येत नाही.

पिटाच्या प्रकरणांत कलम १७ ओळ न ओळ समजून घ्यायला हवं. नेमून दिलेल्या दंडाधिकाऱ्यांसमोर लगेच नेणं शक्य नसेल तर जवळच्या दंडाधिकाऱ्यांसमोर नेतात, आणि त्यांच्या आदेशावर जास्तीत जास्त दहा दिवस सुरक्षित ताब्यात ठेवता येतं. मग चौकशी सुरू होते. परिविक्षा अधिकारी (प्रोबेशन ऑफिसर) घरी जाऊन वय, घरची परिस्थिती आणि आईवडील किंवा नवरा ताबा घ्यायला योग्य आहेत का, हे पाहतो. या चौकशीच्या काळातल्या ताब्याची मर्यादा आदेशापासून तीन आठवडे आहे. त्यानंतरही संरक्षणगृहात ठेवायचं असेल तर दंडाधिकाऱ्यांना वेगळा, सकारण लेखी आदेश द्यावा लागतो. त्याची मुदत कमीत कमी एक आणि जास्तीत जास्त तीन वर्षं असते.

या सगळ्यात तुमचं म्हणणं मांडण्याची संधी हा कायद्यानेच दिलेला हक्क आहे. दंडाधिकाऱ्यांना मदत करायला पाच जणांची समिती नेमता येते आणि तीत शक्य तिथे तीन स्त्रिया असाव्यात असं कलम सांगतं. तुमच्या प्रकरणात अशी समिती नेमली का, तुमचं म्हणणं नोंदवलं का, परिविक्षा अधिकाऱ्याचा अहवाल आला का, हे वकिलामार्फत विचारा. अपिलात हेच मुद्दे उपयोगी पडतात. अपील सत्र न्यायालयात होतं.

आता सज्ञान स्त्रीच्या इच्छेचं काय? सप्टेंबर २०२० मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने छाप्यात सोडवलेल्या तीन सज्ञान स्त्रियांना संस्थेत ठेवण्याचा आदेश रद्द केला. त्या सज्ञान आहेत, त्यांना हवं तिथे राहण्याचा, फिरण्याचा आणि आपला व्यवसाय निवडण्याचा घटनादत्त हक्क आहे, त्यांच्या मनाविरुद्ध त्यांना डांबता येणार नाही, असं न्यायालयाने म्हटलं. पुढे १९ मे २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने राज्यांना पिटाखालच्या संरक्षणगृहांची पाहणी करायला सांगितलं, म्हणजे मनाविरुद्ध ठेवलेल्या सज्ञान स्त्रियांची प्रकरणं तपासून त्यांना सोडता येईल. कलम १७ मात्र कायद्याच्या पुस्तकात कायम आहे. त्यामुळे हे निकाल आपोआप दार उघडत नाहीत. तुमच्या वतीने कुणीतरी ते दंडाधिकाऱ्यांपुढे ठेवावे लागतात.

आणि आदेशच नसेल तर? किंवा मुदत उलटून गेली असेल तर? मग सज्ञान स्त्रीला अडवून ठेवण्याचा अधिकार कुणालाच उरत नाही. दंडाधिकाऱ्यांकडे सुटकेचा अर्ज करता येतो, आणि उच्च न्यायालयात अनुच्छेद २२६ खाली देहोपस्थितीची याचिका करता येते. वकील तिला ‘हेबियस कॉर्पस’ म्हणतात. ती घरच्यांनाही दाखल करता येते.

तिसरी पायरी : वकील मागा, तो फुकट आहे

सगळ्या हक्कांत मला हा सगळ्यात मोठा वाटतो, कारण बाकीचे हक्क यातून मिळवता येतात. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ चं कलम १२ स्त्रिया, मुलं आणि मानवी तस्करीचे बळी यांना विनामूल्य वकील देतं. पिटाच्या संरक्षणगृहात ताब्यात असलेल्या व्यक्तीचा उल्लेख तर त्या कलमात वेगळा, नाव घेऊन केलेला आहे. यांपैकी कुणालाच उत्पन्नाचा दाखला द्यावा लागत नाही.

अर्ज जिल्हा न्यायालयाच्या आवारातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या सचिवांच्या नावे करायचा. हेल्पलाइन १५१०० आहे. साध्या कागदावर एवढं लिहिलं तरी पुरतं:

“मी सध्या ___ या संस्थेत ___ तारखेपासून राहत आहे. मला ___ यांच्या आदेशाने येथे ठेवल्याचे सांगण्यात आले आहे. आदेशाची प्रत मला मिळालेली नाही. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ नुसार मला विनामूल्य वकील मिळावा व त्या वकिलाची माझ्याशी संस्थेत एकांतात भेट व्हावी, ही विनंती.”

‘एकांतात’ हा शब्द गाळू नका. अधीक्षिका शेजारी बसलेली असताना बाई संस्थेबद्दल काय बोलणार? घरच्यांनी हा अर्ज बाहेरून दिला तरी चालतो. पोच घ्यायची, तारखेसह शिक्का घ्यायचा. एक काळजी घ्या. छाप्यानंतर काही वेळा दलालाचा किंवा घरवालीचा (कुंटणखाना चालवणारीचा) वकील ‘मी हिचा वकील’ म्हणून उभा राहतो. त्याची फी कोण देतंय, हा प्रश्न विचारा. ज्या वकिलाला तुम्ही ओळखत नाही, निवडलेलं नाही, त्याच्या वकीलपत्रावर सही करू नका.

चौथी पायरी : जबाब, तपासणी आणि तपास

१ जुलै २०२४ पासून फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. पुढे कायद्याचं नाव न घेता दिलेली कलमं तिचीच आहेत.

जबाबासाठी स्त्रीला तिच्या राहत्या ठिकाणाहून दुसरीकडे बोलावता येत नाही, असं कलम १७९ सांगतं. तुम्ही संस्थेत राहता, तर पोलिसांनी संस्थेत यायचं. बलात्काराच्या गुन्ह्यात जबाब शक्यतो महिला पोलीस अधिकाऱ्याने, तुम्ही सांगाल त्या ठिकाणी, आईवडील, नातेवाईक किंवा समाजसेविकेच्या समक्ष घ्यायचा. मुलांचा जबाब घेताना अधिकाऱ्याने गणवेश घालायचा नाही आणि मुलाला रात्री पोलीस ठाण्यात ठेवायचं नाही, हे पॉक्सोचं कलम २४. लैंगिक गुन्ह्यात दंडाधिकाऱ्यांसमोरचा जबाब शक्यतो महिला दंडाधिकारी घेतात. त्या नसतील तर दुसरी एखादी स्त्री समक्ष हवी.

या जबाबाआधी घाई करू देऊ नका. झोप नाही, जेवण नाही, समोर कोण आहे कळत नाही, अशा अवस्थेत दिलेला जबाब पुढे उलटतपासणीत फाडला जातो. थोडा वेळ मागणं चुकीचं नाही.

वैद्यकीय तपासणी तुमच्या संमतीशिवाय होत नाही. संमती भागशः देता येते, म्हणजे उपचारांना हो आणि एखाद्या तपासणीला नाही असं म्हणता येतं. ‘दोन बोटांची चाचणी’, म्हणजे योनीत बोटं घालून केली जाणारी तपासणी, कुणी करत असेल तर थेट नकार द्या. ३१ ऑक्टोबर २०२२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने, ही चाचणी करणारा गैरवर्तनाचा दोषी ठरेल असं बजावलं आहे. लैंगिक गुन्ह्यातल्या आणि ॲसिड हल्ल्यातल्या पीडितेला सरकारी आणि खासगी दोन्ही रुग्णालयांनी ताबडतोब मोफत उपचार द्यायचे आहेत, कलम ३९७. गर्भ राहिला असेल तर एक एक आठवडा मोलाचा आहे: बलात्कारपीडितेला २४ आठवड्यांपर्यंत गर्भपाताची मुभा आहे, आणि सज्ञान स्त्रीला फक्त स्वतःची संमती लागते. नवऱ्याची, आईवडिलांची किंवा अधीक्षिकेची परवानगी कायदा मागत नाही. मुलगी अल्पवयीन असेल तर पालकाची लेखी संमती लागते, आणि ती देणारं कुणी नसेल तर बाल कल्याण समितीला त्याच दिवशी कळवायला लावा.

एफआयआरची प्रत फिर्यादीबरोबर पीडितेलाही फुकट मिळते, कलम १७३. गुन्हा कुठल्याही हद्दीत घडला असो, तो नोंदवून घ्यावाच लागतो. तपास कुठवर आला हे पोलिसांनी ९० दिवसांत कळवायचं असतं, कलम १९३. संस्थेत असलेल्या बाईपर्यंत ही खबर क्वचितच पोचते, कारण कागदावर जुनाच पत्ता असतो. तपास अधिकाऱ्याला पत्र देऊन संस्थेचा पत्ता नोंदवायला सांगा.

पाचवी पायरी : भरपाई खटला संपायची वाट पाहत नाही

आरोपीला शिक्षा झाल्यावरच पैसे मिळतात हा सर्रास गैरसमज आहे. कलम ३९६ प्रमाणे भरपाई सरकारच्या निधीतून मिळते. आरोपी सापडलाच नाही तरी पीडितेला अर्ज करता येतो. अर्ज पुन्हा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडेच, आणि त्यांनी चौकशी दोन महिन्यांत संपवायची असते. उपचारांसाठी तातडीची मदत हवी असेल तर पोलीस ठाण्याच्या प्रभारी अधिकाऱ्याचा किंवा दंडाधिकाऱ्यांचा दाखला जोडून अंतरिम मदत मागा.

महाराष्ट्रात बलात्कार, बालकांवरील लैंगिक अत्याचार आणि ॲसिड हल्ला यांसाठी २०१३ पासून मनोधैर्य योजना आहे, आणि डिसेंबर २०१७ च्या बदलांनंतर मदत प्रकरणानुसार १० लाख रुपयांपर्यंत जाते. रकमेचा मोठा भाग मुदत ठेवीत ठेवतात. पॉक्सोच्या खटल्यात विशेष न्यायालयही अंतरिम भरपाई देऊ शकतं. पीडित अनुसूचित जाती-जमातीची असेल तर ॲट्रॉसिटी कायद्याखालची मदत वेगळी मागता येते, शिवाय कलम १५अ खाली तपासात आणि खटल्यात ये-जा करण्याचा आणि निर्वाहाचा खर्च मिळतो.

खातं फक्त तुमच्या नावाचं हवं. संस्थेच्या, मामाच्या किंवा नवऱ्याच्या खात्यात रक्कम जाऊ देऊ नका. आधार कार्ड नसेल तर ते काढून देण्याची मागणी संस्थेत असतानाच करा, बाहेर गेल्यावर पत्त्याचा पुरावा गोळा करणं फार अवघड होतं.

सहावी पायरी : संस्थेतच त्रास होत असेल तर

मुझफ्फरपूरच्या बालिकागृहात मुलींवर झालेले अत्याचार २०१८ मध्ये एका सामाजिक लेखापरीक्षणातून उजेडात आले. जानेवारी २०२० मध्ये दिल्लीच्या न्यायालयाने १९ जणांना दोषी ठरवलं, त्यांत संस्था चालवणारे आणि तिथे काम करणारेही होते. सुरक्षेसाठी ठेवलेल्या जागेतच असं घडू शकतं हे कायद्यालाही ठाऊक आहे. स्त्रियांच्या किंवा मुलांच्या संस्थेतल्या कर्मचाऱ्याने तिथे राहणाऱ्या स्त्रीवर बलात्कार केला तर भारतीय न्याय संहितेच्या कलम ६४ खाली किमान दहा वर्षं सक्तमजुरी आहे. अधीक्षकाने पदाचा दबाव वापरून शरीरसंबंध ठेवले, तर तो बलात्काराच्या व्याख्येत बसत नसला तरी कलम ६८ खाली पाच ते दहा वर्षं शिक्षा आहे. म्हणजे ‘तिची संमती होती’ म्हणून त्याची सुटका होत नाही. बालगृहात मुलाला मारहाण, उपासमार, छळ झाला तर बाल न्याय कायद्याचं कलम ७५ कर्मचाऱ्याला पाच वर्षांपर्यंत कैद सांगतं. मुलावरचा लैंगिक अत्याचार माहीत असून न कळवणं हाही पॉक्सोखाली गुन्हा आहे.

तक्रार कुणाकडे? संस्थेतली मुलं १०९८ वर, स्त्रिया १८१ वर, आणि जिवाला धोका असेल तर कुणीही ११२ वर. फोन मिळत नसेल तर बाहेरून येणारा प्रत्येक माणूस हा मार्ग आहे: डॉक्टर, समुपदेशक, विधी स्वयंसेवक, न्यायालयाच्या तारखेला भेटणारे न्यायाधीश. बाल कल्याण समितीने महिन्यातून किमान दोनदा निवासी संस्थांची पाहणी करायची असते, तेव्हा मुलांशी कर्मचाऱ्यांना बाजूला सारून बोला असा आग्रह धरा. न्यायालयात उभं असताना, “मला संस्थेबद्दल काही सांगायचं आहे, पण बंद खोलीत,” एवढं म्हटलं तरी पुरे. जिल्हा महिला व बाल विकास अधिकाऱ्याकडे लेखी तक्रार द्या आणि तिची एक प्रत विधी सेवा प्राधिकरणाकडेही पाठवा, म्हणजे ती एकाच टेबलावर अडून राहणार नाही.

जेवण, औषधं, सॅनिटरी पॅड, मुलांची शाळा याही हक्काच्याच बाबी आहेत, त्या मागताना संकोच नको. आत येताना अंगावर असलेले दागिने, पैसे, कागदपत्रं यांची यादी करून तिच्यावर संस्थेची सही घ्या. जुन्या ठिकाणी राहिलेलं सामान आणि कागदपत्रं पोलिसांमार्फत आणायला अर्ज करा, एकटीने तिकडे जाऊ नका.

नाव आणि चेहरा जपणं हाही तुमचाच हक्क आहे. बलात्कारपीडितेची ओळख उघड करणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आहे, न्याय संहिता कलम ७२. देणगीदारांना दाखवायला किंवा समाजमाध्यमांवर टाकायला संस्थेने तुमचे फोटो काढायला घेतले तर नकार द्या.

सातवी पायरी : खटल्यात तुमची जागा

खटला सरकार चालवतं, पण त्यात तुमचा आवाज आहे. न्यायालयाच्या परवानगीने तुमचा वकील सरकारी वकिलाला मदत करू शकतो. तुमचा वकील असेल तर दोषारोपपत्राची प्रत तुम्हालाही मिळते, कलम २३०. सरकारने खटला मागे घ्यायचं ठरवलं तरी आधी तुमचं म्हणणं ऐकावं लागतं, कलम ३६०. पीडितेला तपासापासून अपिलापर्यंत प्रत्येक टप्प्यावर म्हणणं मांडण्याचा हक्क आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२२ मध्ये जामिनाच्या एका प्रकरणात स्पष्ट केलं. आरोपी सुटला किंवा शिक्षा सौम्य कलमाखाली झाली, तर अपिलाचा हक्क तुमचा स्वतःचा आहे, कलम ४१३.

बलात्काराचा खटला बंद दालनात चालतो. पॉक्सोमध्ये साक्ष देताना मुलाला आरोपी दिसू नये अशी व्यवस्था न्यायालयाने करायची असते. दूरच्या राज्यात परत गेलात तर साक्ष व्हिडिओद्वारे देण्याचा अर्ज करता येतो. धमक्या येत असतील तर २०१८ च्या साक्षीदार संरक्षण योजनेखाली अर्ज करा. डिसेंबर २०१८ पासून सर्वोच्च न्यायालयाने ती देशभर बंधनकारक केली आहे.

आठवी पायरी : बाहेर पडताना

पिटाच्या प्रकरणात घरच्यांनी ताब्याचा अर्ज केला की न्यायालय घराची चौकशी करवतं. ज्याने विकलं तोच ‘मामा’ किंवा ‘नवरा’ बनून ताबा मागायला येतो, हे इतक्या वेळा घडलं आहे की ही चौकशी घरच्यांनी अपमान मानू नये. तुम्हाला ज्याच्यासोबत जायची भीती वाटते त्याचं नाव दंडाधिकाऱ्यांना स्पष्ट सांगा. सज्ञान असाल तर तुम्हाला एकटीने किंवा मैत्रिणीकडे जायचं आहे असंही सांगता येतं. मुलांच्या बाबतीत बाल कल्याण समितीच्या आदेशावर ३० दिवसांत बाल न्यायालयात अपील करता येतं. घर सुरक्षित नसेल आणि वय अठरा पूर्ण झालं असेल, तर अनुरक्षणाची, म्हणजे अठरानंतरच्या मदतीची मागणी करा.

कौटुंबिक हिंसाचाराच्या प्रकरणात आसरा घेतला म्हणून सासरच्या घरावरचा हक्क सुटत नाही. कौटुंबिक हिंसाचार कायद्याच्या कलम १७ ने दिलेला सामायिक घरात राहण्याचा हक्क कायम असतो. संस्थेत असतानाच संरक्षण, निवास, खर्च आणि मुलांचा ताबा यांसाठी दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज टाका, तातडीचे अंतरिम आदेश त्याच कायद्याच्या कलम २३ खाली मिळतात.

निघण्याआधी सुटकेच्या आदेशाची प्रत, वैद्यकीय कागद, एफआयआर, बँकेचं पासबुक आणि वकिलाचा नंबर बरोबर घ्या. नवा पत्ता सर्वांना देण्याची गरज नाही. तो बंद लिफाफ्यात तपास अधिकाऱ्याला आणि विधी सेवा प्राधिकरणाला द्या, आणि साक्षीचं समन्स त्यांच्यामार्फतच पाठवावं असं लिहा. समन्स जुन्या वस्तीत गेलं की सगळ्या गल्लीला कळतं. ते तुमच्यापर्यंत पोचलंच नाही, तर साक्ष राहून जाते आणि आरोपीला त्याचा फायदा मिळतो.